शाल, श्रीफळ आणि पिपोका

निशिकांत टिपणीसांनी आयुष्यात कधी कोणाला हसवलं नव्हतं, आणि त्याचं त्यांना दुःखही नव्हतं. ते सिंगापुरात एका बँकेच्या कम्प्लायन्स खात्यात होते. बाकीचे लोक जे काही उत्साहानं करायला निघत, ते नियमात बसत नाही हे त्यांना शांतपणे सांगायचं, असं ते काम. उंच, सडपातळ अंगकाठी, पडलेल्या मिशा आणि कोणाच्या तरी तेराव्याला आल्यासारखा चेहरा, यामुळे त्यांनी नकार दिला तरी समोरच्याला राग यायचा नाही. उलट त्यांचंच सांत्वन करावंसं वाटायचं.

रविवारचे टिपणीस 'सह्यमित्र' मंडळाचे असत. तिथे ते सांस्कृतिक चिटणीस होते. पद भारदस्त, पण वर्षानुवर्षं त्यांच्या वाट्याला खरं काम एकच येई: शेवटी आभार मानणं. आभारप्रदर्शन ही जगातली एकमेव कला असावी, जी सुरू झाली की प्रेक्षक उठतात. "आता मी मंडळाच्या वतीनं" एवढे शब्द कानी पडले की खुर्च्या करकरत, बायका पायाशी पर्स चाचपत, पुरुष जेवणाच्या टेबलांचा अंदाज घेत. टिपणीस मात्र हॉलच्या एसीवाल्यापासून पताका लावणाऱ्यांपर्यंत कोणालाही न वगळता, समोरच्या पाठींचे आभार मानत राहत. "अहो, ऐकतं का कोणी?" असं त्यांच्या पत्नी साधनाताई दर वर्षी विचारत. "कोणाचं नाव राहून गेलं तर ऐकतात," असं टिपणीस दर वर्षी उत्तर देत.

अशा या गृहस्थाच्या सरळ आयुष्यात २००७ साली एक म्हातारा पडला.

अक्षरशः पडला. टिपणीसांच्या सेरंगूनच्या कॉन्डो-संकुलातल्या पोहण्याच्या तलावाच्या कडेनं, पांढरी विजार आणि गवताची हॅट घातलेला एक बुटका गोरा म्हातारा वर्तमानपत्र वाचत चालला होता. त्याचा पाय घसरला. दोन्ही हात पाणचक्कीसारखे फिरले, वर्तमानपत्र पानापानानं उडालं, तो बसला, उठला, परत घसरला आणि अखेर उताणा पसरला. एक पान सावकाश तरंगत येऊन नेमकं त्याच्या तोंडावर बसलं. टिपणीस धावले. प्रथमोपचाराचं प्रशिक्षण त्यांनी ऑफिसातर्फे घेतलं होतं आणि ते वापरायची संधी आजवर आली नव्हती. ते गुडघ्यावर बसून नाडी शोधायला लागले, तेव्हा म्हाताऱ्यानं पानाचा कोपरा उचलला आणि मोडक्यातोडक्या इंग्रजीत विचारलं,

"कसं झालं? दुसऱ्यांदा घसरायला जरा उशीर झाला ना?"

टिपणीसांनी प्रामाणिकपणे विचार केला. "किंचित," ते म्हणाले.

म्हातारा उठून बसला आणि त्यांच्या चेहऱ्याकडे एकटक पाहत राहिला. कासारानं गिऱ्हाइकाचं मनगट पाहावं तसा तो पाहत होता.

दुसऱ्या दिवशी तलावाच्या फलकावर बदल झाला. 'धावू नये, सूर मारू नये, काचेची भांडी आणू नयेत' याखाली व्यवस्थापनानं नवी ओळ घातली होती: 'मुद्दाम पडू नये.' पहारेकरी मिस्टर तान त्या ओळीकडे बोट दाखवून म्हाताऱ्याला म्हणाले, "अंकल, कॅनॉट लाह." म्हाताऱ्यानं हॅट काढून फलकाला नमस्कार केला.

त्याचं नाव वाल्देमार. रिओचा राहणारा. त्याची मुलगी लूसिया समुद्रातल्या तेलविहिरींवर उभ्या राहणाऱ्या अजस्र मनोऱ्यांची इंजिनियर होती आणि जहाजगोदीतल्या नोकरीसाठी सिंगापुरात आली होती. आई गेल्यावर तिनं बापालाही इथे आणलं. वाल्देमार सांगे, "ती पडू नयेत अशा वस्तू बनवते. मी जन्मभर पडत आलो. घरात बोलायला विषय कुठून येणार?"

शनिवारी सकाळी नाक्यावरच्या कॉफीशॉपमध्ये कोपीचा, म्हणजे तिथल्या कॉफीचा, कप घेऊन वाल्देमार बोलायचा आणि टिपणीस ऐकायचे, असा परिपाठ पडला. मधूनच ऋताही येऊन बसायची. ऋता म्हणजे टिपणीसांची कॉलेजात जाणारी कन्या. तिनं पहिल्याच दिवशी निकाल देऊन टाकला होता: "पप्पा, अंकल सो फनी लाह. यू ऑल्सो, बट यू डोन्ट नो." या वाक्याचा उत्तरार्ध टिपणीसांना कळला नव्हता.

तर वाल्देमारची कथा अशी. बाप ट्रामचा कंडक्टर. हा एका सिनेमाच्या स्टुडिओत कॉफी वाटायच्या नोकरीला. स्टुडिओ म्हणजे बंद पडलेला बर्फाचा कारखाना, त्यामुळे जमीन कायम ओली. एकदा चित्रण चालू असताना हा कपांनी भरलेला ट्रे घेऊन दिव्याच्या वायरीत अडकला आणि सगळी कॉफी नायिकेच्या दुष्ट काकाच्या अंगावर गेली. फिल्म महाग, दुसऱ्यांदा घेणं परवडत नव्हतं, म्हणून प्रसंग तसाच ठेवला. थिएटरात लोक त्या जागी इतके हसले, की पुढच्या सिनेमात दिग्दर्शकानं गोष्टीला गरज नसताना एक कॉफीवाला घातला. हा पडायचा आणि तव्यावरच्या लाहीसारखा टण्णकन परत उभा राहायचा. म्हणून लोकांनी त्याला पिपोका नाव दिलं. पिपोका म्हणजे मक्याची लाही.

त्या सिनेमांना तिकडे शांशादा म्हणत, आणि त्याचा अर्थ साधारण 'फालतू' असा. गोष्ट एकच असे. दोन सारख्या दिसणाऱ्या बॅगा, एकीत हिरे, दुसरीत गायिकेचे कपडे. बॅगा बदलायच्या. नायक गाणी म्हणायचा, खलनायक मिशा पिळायचा, आणि नायकाचा मित्र मार खाऊन, बाईचा वेष घेऊन पळत सुटायचा. तो मित्र म्हणजे पिपोका. शेवटी सगळे नाचायला कार्निव्हलमध्ये हजर. कार्निव्हलच्या आधी सिनेमा लागलाच पाहिजे, म्हणून शेवट काय करायचा ते चित्रण संपत आलं तरी ठरलेलं नसे.

"गोष्ट काय होती ते आम्हालाही थिएटरात कळायचं," वाल्देमार म्हणाला. "शहाणे लोक पेपरात लिहायचे, की ही देशाला लागलेली कीड आहे. आणि मग काळा चष्मा लावून बघायला यायचे."

"पडल्यावर लागत नसे?" टिपणीसांनी विचारलं.

"लागायचं. पण ऐक, निशी, माझ्या पडण्याला कोणी हसत नव्हतं. पडतं तर काय, पोतंही पडतं. माझ्या शेजारी बेनेदितो असायचा. उंच, हडकुळा, चेहरा असा, की याला आत्ताच तार आली आहे. मी पडायचो आणि बेनेदितोला ते समजायचंच नाही. तो आपला गंभीरपणे खलनायकाला ट्रामचं वेळापत्रक समजावून सांगत राहायचा. लोक हसायचे ते त्याच्याकडे बघून."

"मग त्यांचं काय झालं?"

"टेलिव्हिजन आला. स्टुडिओ बुडाला. बेनेदितो विमा विकायला लागला. त्या चेहऱ्यानं! श्रीमंत झाला." वाल्देमारनं कोपीचा घोट घेतला. "आणि मला शेजारी उभं राहायला माणूस मिळाला नाही."

पुढची कारकीर्द तो भरभर सांगे. मुलांच्या कार्यक्रमात विदूषक. मग सुपरमार्केटच्या उद्घाटनाला कोंबडीचा वेष. लूसिया तेव्हा शाळेत होती. एके दिवशी तिच्या मैत्रिणींनी त्या कोंबडीला ओळखलं. पुढे फार वर्षांनी विद्यापीठातले प्राध्यापक टेपरेकॉर्डर घेऊन आले, कारण आता फालतू सिनेमा हा अभ्यासाचा विषय झाला होता. त्यांनी विचारलं, तुमच्या पडण्यातून तुम्ही सत्तेच्या कोसळण्याचं सूचन करत होता का? हा म्हणाला, जमीन ओली होती. त्यांनी तेही लिहून घेतलं. पण दाखवायला सिनेमेच उरले नव्हते. गोदामाला आग लागून पिपोकाची झाडून सगळी रिळं जळून गेली होती.

"म्हणजे लूसियानं तुम्हाला..." टिपणीस थांबले.

"कोंबडी म्हणून पाहिलंय. तेवढंच." म्हाताऱ्यानं टेबलावरचा साखरेचा दाणा बोटानं टिपला. "मला तिनं नाही बघितलं तरी चालेल, निशी. माझ्याकडे काय बघायचंय? मी पडल्यावर लोकांना काय होतं, ते तिनं एकदा बघायला हवं होतं."

आणि मग टिपणीसांच्या हातून असं काही घडलं, जे त्यांच्या खात्यात आजवर घडलं नव्हतं. नियम न तपासता, कोणाची सही न घेता त्यांनी शब्द दिला. "आमच्या मंडळाचा गणेशोत्सव आहे," ते म्हणाले. "तिथे करा. लूसियाला मी स्वतः बोलावतो."

कार्यकारिणीची बैठक अध्यक्षांच्या घरी, बिशानला भरली. अध्यक्ष प्रबोध रायरीकर मोठ्या हुद्द्यावरचे बँकर, गोल चेहऱ्याचे आणि टाळूवर उभा राहणारा केसांचा एकच तुरा सांभाळणारे. आवाज असा, की त्यांनी 'मीठ द्या' म्हटलं तरी ठराव मांडल्यासारखं वाटे. गेल्या वर्षीचे प्रमुख पाहुणे भाषणातच आपल्या मालकीचा फ्लॅट भाड्यानं देणे आहे असं सांगून गेले होते, तेव्हापासून रायरीकर पाहुण्यांच्या बाबतीत पोळलेले होते.

"ब्राझीलचे नट?" ते उठून उभेच राहिले. "सिनेमातले? आणि तुमच्याच कॉन्डोत? टिपणीस, हिरा आणलात! प्रमुख पाहुणे!"

"तसं नाही साहेब, ते एक छोटासा प्रयोग करतील म्हणतात. पडण्याचा."

"कशाचा?"

"म्हणजे विनोदी. हालचालींचा."

रायरीकर लहान मुलाकडे बघावं तसं त्यांच्याकडे बघून हसले. "टिपणीस, प्रमुख पाहुणे प्रयोग करत नाहीत. प्रमुख पाहुणे बसतात."

"पण मी शब्द दिलाय, साहेब."

"मग सत्कारानंतर दोन शब्द बोलायला सांगू. त्या दोन शब्दांत त्यांना काय करायचं ते करू द्या. मी आड येणार नाही." एवढी फट मिळाली आणि टिपणीसांचा जीव भांड्यात पडला. सगळा जन्म त्यांनी कलमांच्या फटीतून लोकांना सुखरूप बाहेर काढण्यात घालवला होता.

पाहुण्यांचा परिचय टिपणीसांनी लिहिला. रायरीकरांनी तो सुधारला. 'पडण्यासाठी प्रसिद्ध' याच्या जागी 'वास्तववादी अभिनयाचे प्रवर्तक' आलं. 'स्त्रीवेषात पळापळ' हे 'स्त्रीजीवनाचा सखोल अभ्यास' झालं. कोंबडीपाशी ते जरा अडले. मग त्यांनी लिहिलं, 'ग्राहक चळवळीशी निकटचा संबंध'.

"साहेब, हे खरं नाही," टिपणीस म्हणाले.

"खोटं काय आहे सांगा," रायरीकर म्हणाले. टिपणीसांनी एकेक शब्द पाहिला. खोटं असं काही सापडेना. बँकेचा वार्षिक अहवाल वाचतानाही त्यांना नेमकं हेच होई.

वाल्देमारला सत्कार ही गोष्ट समजावून सांगणं हेही त्यांच्याकडेच आलं. "आधी अध्यक्ष तुमच्या डोक्यावर पगडी ठेवतील. आमच्याकडची जुनी टोपी. मग खांद्यावर शाल. मग हातात नारळ."

वाल्देमारचे डोळे चमकले. "टोपी, शाल आणि नारळ? सगळं ते देणार?"

"हो, मंडळातर्फे."

"आणि अध्यक्ष शेजारी उभे राहणार? गंभीर?"

"फारच गंभीर."

"अरे देवा!" म्हातारा गहिवरला. "आमच्या स्टुडिओत मला एक काठी मिळावी म्हणून भांडावं लागायचं." टिपणीसांना वाटलं, सन्मानानं भरून आलंय बिचाऱ्याला. रात्री जेवताना त्यांनी साधनाताईंना सांगितलं सुद्धा, की परदेशी माणसाला आपल्या शाल-श्रीफळाचं मोल आपल्यापेक्षा जास्त कळतं.

कार्यक्रम रविवारी भर दुपारी, हौगांगच्या कम्युनिटी क्लबात होता. हॉल त्यानंतर लगेच चिनी आंटी लोकांच्या नाचाच्या क्लासला द्यायचा होता, त्यामुळे वेळ म्हणजे वेळ. आरती झाली. मुलांचे नाच झाले. एका नाचात अर्धी मुलं डावीकडे आणि अर्धी उजवीकडे गेली, त्याला सगळ्यात जास्त टाळ्या पडल्या. लूसिया आली. चाळिशी ओलांडलेली, केस घट्ट बांधलेली, ऑफिसच्या कपड्यांतली बाई. पहिल्या रांगेत बसून तिनं फोन मांडीवर ठेवला.

"पापाय... बाबा काय करणार आहेत?" तिनं टिपणीसांना हळूच विचारलं. त्या आवाजात उत्सुकता नव्हती, धास्ती होती. "कपडे कुठले घालणार आहेत?"

"काही नाही. आहेत तेच," टिपणीस म्हणाले. ती थोडी सैल झाली.

मग रायरीकर बोलायला उभे राहिले. ते पोर्तुगीजांच्या गलबतांबरोबर वसईपासून निघाले. ब्राझीलही पोर्तुगीजांचं, वसईही पोर्तुगीजांची, म्हणजे पाहुणे एका अर्थी वसईचेच, असं त्यांनी सिद्ध केलं. तिथून ते कॉफीकडे वळले, कॉफीवरून जागतिक अर्थव्यवस्थेकडे. पहिल्या रांगेत बेबीताई होत्या, मंडळातल्या सगळ्यात ज्येष्ठ. त्या शेजारणीला सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं कुजबुजल्या, "अगं, मसालेभात गार होतोय तिकडे. हा अजून समुद्रातच."

स्टेजच्या कोपऱ्यात वाल्देमार खुर्चीच्या कडेवर बसला होता. त्याचे तळवे मांडीवर हलकेच ताल धरत होते. नजर सारखी लूसियाच्या खुर्चीकडे जाऊन परत येत होती. टिपणीसांना एकदम जाणवलं, की हा माणूस घाबरला आहे.

क्लबचा माणूस दारात येऊन घड्याळाकडे बोट दाखवून गेला. रायरीकरांनी जागतिक अर्थव्यवस्था आवरती घेतली आणि ते वाकून टिपणीसांच्या कानात म्हणाले, "वेळ नाही. दोन शब्द रद्द. सत्कार, आणि थेट तुम्ही आभार."

"साहेब, मी शब्द..."

"टिपणीस! आंटी आल्या दारात."

आणि त्यांनी पगडी उचलली.

मंडळाची ही पगडी एका माजी अध्यक्षांच्या मापानं करून घेतलेली होती, आणि त्या गृहस्थांचं डोकं हा त्यांच्या कारकिर्दीतला सर्वात ठळक भाग होता. वाल्देमारच्या डोक्यावर ती ठेवताच घसरत नाकापर्यंत आली आणि नाकानं ती थोपवली. पगडीखालचा माणूस क्षणभर निश्चल राहिला. मग त्यानं आभारासाठी हात पुढे केला, चाचपडत रायरीकरांचा हात शोधला आणि माइकच्या दांड्याला घट्ट हस्तांदोलन केलं. बराच वेळ. जिव्हाळ्यानं.

टिपणीसांना म्हाताऱ्याचे शब्द आठवले. टोपी, शाल, नारळ! सगळं ते देणार! म्हाताऱ्याला हा मान वाटलेलाच नव्हता. ही त्याला प्रयोगाची सामग्री वाटली होती.

रायरीकर मागून शाल घालायला गेले. वाल्देमार चोर आल्यासारखा दचकून खाली बसला, शाल हवेत गेली. दुसऱ्या खेपेला ती खांद्यावर पडली, तशी त्यानं ती डोक्यावरून ओढली, टोक दातात धरलं आणि लाजला. हातात नारळ आला. पगडी दोन बोटांनी उचलून त्यानं नारळ पाहिला. त्याच्या शेंडीवरून हात फिरवला. ओळख पटली. शालीत गुंडाळून त्यानं ते तान्हं छातीशी धरलं, जोजवलं, त्याच्या तोंडाकडे पाहिलं, मग रायरीकरांच्या तोंडाकडे पाहिलं, मग परत तान्ह्याच्या.

हॉलमध्ये कोणीही हसलं नाही.

सत्काराच्या वेळी धारण करायचा एक चेहरा मराठी माणसाजवळ असतो. हात जोडल्यासारखा, डोळे किंचित ओले, लक्ष जेवणाकडे. तो चेहरा घालून सगळा हॉल बसला होता. प्रमुख पाहुणे, अंगावर शाल, हातात श्रीफळ, याला हसायचं? काहींना वाटलं, ब्राझीलमध्ये सत्कार असाच स्वीकारत असतील. दोघातिघांनी भक्तिभावानं टाळ्या वाजवल्या. रायरीकर तर फोटोग्राफरनं 'इकडे बघा' म्हटल्यापासून इकडे बघत होते, ते तसेच.

लूसियाची मान खाली गेली. तिनं मांडीवरचा फोन उलटा केला आणि त्याच्या पाठीकडे पाहत राहिली.

वाल्देमारनं अजून एकदा नारळ जोजवला. मग त्याची नजर सवयीनं डावीकडे वळली, जिथे एक उंच, हडकुळा माणूस असायला हवा होता. तिथे माइक होता. आणि माइककडे, 'थेट आभार' या आज्ञेनुसार, निशिकांत टिपणीस चालत येत होते.

"आता मी मंडळाच्या वतीनं," टिपणीसांनी सुरुवात केली. खुर्च्या करकरल्या. बायकांचे हात पर्सकडे गेले. तेवढ्यात वाल्देमारनं ते तान्हं हळूच त्यांच्या हातात दिलं.

टिपणीसांनी शालीच्या आत पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. ती कधीच हलत नसे.

"सर्वप्रथम आभार मानतो," ते त्याच संथ, मंडळी उठवणाऱ्या आवाजात म्हणाले, "या बाळाचे. लांबचा प्रवास असूनही ते वेळेवर उपस्थित राहिले."

एक खुर्ची अर्ध्यावर थांबली.

"त्यांच्या मातोश्री," टिपणीसांनी पाहुण्यांकडे हात केला आणि वाल्देमारनं नसलेला पदर सावरून मान लववली, "यांनी कौटुंबिक जबाबदाऱ्या सांभाळून मंडळासाठी वेळ काढला. त्यांच्या सहकार्याशिवाय आजचा कार्यक्रम पार पडूच शकला नसता."

उठलेले लोक वळले. वर्षानुवर्षं पाठी पाहिलेल्या टिपणीसांना प्रथमच चेहरे दिसले.

"आणि बाळाचे वडील." इथे ते थांबले. त्यांनी बाळाकडे पाहिलं, फोटोसाठी ताठ उभ्या असलेल्या रायरीकरांकडे पाहिलं, आणि खेदानं मान हलवली. "त्यांचं नाव नियमानुसार मला जाहीर करता येत नाही."

"अगं बाई!" बेबीताईंचा आवाज हॉलभर घुमला. "शेंडीसकट हुबेहूब!"

आणि त्या हसल्या. बेबीताईंचं हसू म्हणजे जिन्यावरून घरंगळणारी पितळेची कळशी. ती घरंगळली आणि तिच्यामागून सगळा हॉल घरंगळला. रायरीकरांना आपल्यावरून काही चाललंय याचा पत्ता नव्हता, ते पुढे होऊन हात उंचावून म्हणाले, "शांतता राखा, सत्कार चालू आहे!" त्यानं तर कहर झाला. वाल्देमारला एका बेनेदितोच्या जागी दोन मिळाले होते. तो बाळ घ्यायला टिपणीसांकडे धावला, पाय माइकच्या वायरीत अडकला, हात पाणचक्कीसारखे फिरले, पगडी उडाली. तो पडला, उठला, आणि दुसऱ्यांदा घसरला तो अगदी वेळेवर, किंचितही उशीर न करता. टिपणीस वाट पाहून शांतपणे म्हणाले, "ध्वनिव्यवस्थेचेही आभार." पगडी गडगडत येऊन म्हाताऱ्याच्या पोटावर बसली.

दारात नाचाच्या आंटी उभ्या होत्या. त्यांना एक अक्षर कळलं नव्हतं, आणि त्या एकमेकींना धरून डोळे पुसत होत्या.

टिपणीसांनी पहिल्या रांगेत पाहिलं. लूसिया हसत नव्हती. ती बापाकडे बघतही नव्हती. खुर्चीत पूर्ण मागे वळून ती लोकांकडे बघत होती. पोट धरून वाकलेल्या माणसांकडे, एकमेकींच्या खांद्यावर डोकं टेकलेल्या बायकांकडे, डोळे पुसणाऱ्या बेबीताईंकडे, खुर्चीवर उभी राहून शिट्टी मारणाऱ्या ऋताकडे. एकेक चेहरा ती नीट बघत गेली, जशी ती रोज मनोऱ्याचे जोड तपासत असेल.

स्टेजवर उताण्या पडलेल्या म्हाताऱ्यानं पगडीआडून एक डोळा उघडून तिच्याकडे पाहिलं आणि परत मिटला.

मंडळाच्या वार्तापत्रात पुढे छापून आलं: 'प्रमुख पाहुण्यांनी सत्काराला अत्यंत भावपूर्ण उत्तर दिले.' रायरीकर आठवडाभर रागावले होते. मग ऑफिसात, लिफ्टमध्ये, गाठ पडेल तिथे लोक त्यांचं अभिनंदन करायला लागले, तशी त्यांची समजूत पालटली. "अहो, ते 'शांतता राखा' मुद्दाम टाकलं होतं मी," ते आता सांगतात. "टायमिंग लागतं त्याला." टिपणीसांची स्थिती मात्र वाईट झाली. पुढच्या कार्यक्रमाला ते आभार मानायला उभे राहिले तर कोणी जागचं हलेना. एसीवाल्याचं नाव घेतलं, हशा. पताकांचं नाव घेतलं, टाळ्या. त्यांनी काहीही विनोदी केलेलं नव्हतं. साधनाताई म्हणाल्या, "आता ऐकतात हो सगळे." टिपणीस म्हणाले, "पण मसालेभात गार होतो."

उत्सवानंतरच्या शनिवारी सकाळी लूसिया त्यांच्या दारात आली. हातात एक वाटी होती. सत्काराचा नारळ तिनं किसून, साखरेत आटवून त्याच्या वड्या केल्या होत्या. साधनाताईंनी एक तोंडात टाकली आणि म्हणाल्या, "अय्या, या तर आपल्याच! वेलदोडा तेवढा राहिलाय."

"मिस्टर टिपणीस, जरा खाली येता?" लूसियानं विचारलं. "पापाय म्हणतात, तुम्ही शेजारी नसलात तर जमत नाही."

तलावाकाठी मिस्टर तान फलकापाशी उभे होते. तिथे लूसियानं एक खुर्ची ओढली, बूट काढून बाजूला ठेवले आणि बसली. वाल्देमार वर्तमानपत्र घेऊन निघाला. टिपणीस त्याच्या डाव्या हाताला, तेराव्याला आल्यासारखे, चालू लागले. मिस्टर तानांनी पाठ फिरवली आणि 'काचेची भांडी आणू नयेत' ही ओळ ते अत्यंत लक्षपूर्वक वाचू लागले.

पानं उडाली. एक पान तरंगत येऊन तोंडावर बसलं.

"परत एकदा, पापाय," लूसिया म्हणाली.